पाळण्यातलं मशीन

सायली रडायची थांबली की सीन जमला, असा ऋचाचा ठोकताळा होता.

तो तिनं कुठल्या कार्यशाळेत शिकलेला नव्हता, गरजेपोटी लागलेली सवय होती ती. एका हातात पाळण्याची दोरी, दुसऱ्या हाताचं बोट दात शिवशिवणाऱ्या लेकीच्या तोंडात. टाइप कशानं करणार? मग ती सीन तोंडानंच रचायची. "तर काय झालं सायलू, इला खिडकीपाशी आली. खाली जीप उभी. आता जीप कुणाची?" रडं तसंच चालू राहिलं तर समजावं, पाल्हाळ झालाय. सायली हुंदका अर्ध्यावर सोडून टकामका बघायला लागली की तेवढा तुकडा पक्का. ती झोपली की ऋचा लॅपटॉप उघडायची आणि तोंडात घोळलेले संवाद धडाधड उतरवून काढायची. कधी पूर्ण सीन उतरायचा, कधी दोन ओळी झाल्या की पाळण्यातून कुरकुर सुरू.

मालिकेचं नाव होतं 'कँटीनच्या मागे'. हैदराबादच्या एका ज्युनिअर कॉलेजातल्या पोरापोरींची, हिंदी, एका ॲपवर चालणारी. पहिल्या सीझनपासून पोरांनी प्रेमं केली, भांडली, एकमेकांचे पासवर्ड चोरले, नको ते फोटो नको तिथे पाठवले. शेवटच्या सीझनला ॲपवाल्यांना काहीतरी हटके हवं झालं, तेव्हा मुख्य लेखिका वंदनानं ठरवलं, याच पोरांना उचलून आणीबाणीत टाकायचं. तीच इला, तोच तिचा समीर, तेच कँटीन; साल फक्त पंच्याहत्तर. मोबाइल नाही, इन्स्टा नाही. कात्री लागलेला पेपर, भिंतींवर शिस्तीच्या पाट्या, आणि लपूनछपून पत्रकं काढायला एक हातानं फिरवायचं सायक्लोस्टाइल मशीन. शेवटच्या भागात पोरांपैकी इला पकडली जाते, मशीनही सापडतं. तिचं नाव पोलिसांना दिलं कुणी, हे भाग लागेपर्यंत बाहेर फुटता कामा नये, एवढी एकच अट होती.

कथा वंदनाची आणि संवाद चारपाच जणांत वाटलेले. पण शेवटच्या भागाचे संवाद पहिल्या ओळीपासून अखेरच्या ओळीपर्यंत ऋचाचे होते, आणि पडद्यावर 'संवाद' या शब्दाखाली तिचं एकटीचं नाव येणार होतं. आजवर ती 'साहाय्य' नावाच्या गर्दीत कुठेतरी असायची. बाळंतपणात तर वाटलं होतं, तीही जागा गेली. त्यामुळे या एका ओळीवर तिचा किती जीव होता, ते नवऱ्यालाही पुरतं सांगता आलं नसतं.

सासूबाईंना मात्र न सांगता कळलं होतं. पद्मावतीबाईंचं माहेर-सासर दोन्ही जुन्या हैदराबाद संस्थानातलं. त्यांचं बोलणं कळायला पुण्याच्या ऋचाला पहिलं वर्ष गेलं, आणि अजूनही रागावल्या की त्या अशा काही दख्खनी झपाट्यानं बोलत की विकासला भाषांतर करावं लागे. नातीचं 'सायली' हे नाव त्यांनी बारशात ऐकून घेतलं आणि दुसऱ्या दिवसापासून तिला 'मुन्नी' म्हणायला लागल्या.

सीझन सुरू झाला तेव्हा ऋचानं त्यांना विचारलं होतं, "आई, आणीबाणीत तुम्ही इथेच कोठी भागात शाळेत होतात ना? पोलीस लोकांकडून माहिती कशी काढायचे हो?"

"पोलीस कैकू काढतील?" पद्मावतीबाई शेंगा सोलता सोलता म्हणाल्या. "लोक आपणहून सांगायचे."

"भीतीनं?"

"नै गं. कौतुकानं. आमच्या गल्लीत एक काकू होती. तिचा भाचा असलंच काय काय छापायचा. ही नळावर सगळ्यांना सांगायची, आमचा बाबू लई हुशार, रातभर मशीन फिरवतो म्हणून. गेला ना मग बाबू आत."

"आणि काकूंचं काय झालं?"

"काय व्हायचंय? तिला कुणी सांगितलंच नै, तुझ्यामुळं गेला म्हणून. मरेस्तोवर त्या पोलिसाला शिव्या देत होती बिचारी."

ऋचा हसली होती आणि तो किस्सा तिनं बाजूला ठेवून दिला होता. नाट्याला दगा लागतो, आणि दगा देणारा जवळचा लागतो. वंदनाच्या कथेत इलाला पकडून देणारा समीर होता, तिचा स्वतःचा समीर, नोकरीच्या आमिषानं. ते ऐकताना ऋचाच्या अंगावर काटा आला होता. नळावरच्या काकूला काटा येणार होता का कुणाला?

सोमवारी सकाळी मालिकेच्या चाहत्यांच्या पानावर चार ओळी आल्या. 'इलाला समीरच पकडून देतो. मशीन पाळण्यात सापडतं, बाळाच्या गादीखाली. बघा खरं ठरतं की नाही.' दुपारपर्यंत सगळ्या गावाला शेवट ठाऊक झाला.

बंजारा हिल्सच्या ऑफिसात त्या दिवशी चहा आला तसाच गार झाला. एरवी ज्या टेबलावर कुणाचं बोलणं कुणाला ऐकू येत नसे, तिथे आज जो तो आपापला मोबाइल पालथा घालून बसलेला. वंदना ऋचाशी मराठीत एक वाक्य बोलली, तर समोरच्या दोघांनी एकदम माना वर केल्या. महिनोन्महिने ही माणसं दहशतीतला संशय कागदावर रंगवत होती; तो आज टेबलावर येऊन बसला आणि कुणाला रंगवावा लागला नाही.

वंदनानं एकेकाला आत बोलावलं. ऋचाची पाळी शेवटी आली.

"दार लाव," वंदना म्हणाली. "शेवटच्या कथेच्या कॉप्या वाटल्या, त्यात पाळणा कुणाच्या कॉपीत होता, माहितीये?"

"सगळ्यांच्याच ना?"

"नाही. दिग्दर्शकाच्या कॉपीत मशीन पिठाच्या डब्यात आहे. समीर करणाऱ्या मुलाच्या कॉपीत न्हाणीघरातल्या बंबामागे. कपडेपटाकडे गेली तिच्यात ट्रंकेत. प्रत्येकाला वेगळी जागा दिली होती मी. फुटलं तर कुठून फुटलं ते कळावं म्हणून. पाळणा फक्त तुला."

ऋचाला आधी भीती नाही वाटली, वाईट वाटलं. कॉपीत 'पाळणा' वाचलं तेव्हा तिला वाटलं होतं, वंदनाताईंनी आपल्या सायलीची आठवण ठेवली. कुणाला न सांगता चार दिवस ती त्या आनंदात होती.

"मी कुणाला दाखवलेली नाही, वंदनाताई. कॉपी लॅपटॉपच्या बाहेर गेलेली नाही."

"मग घरातून गेलंय." वंदना मऊ आवाजात बोलत होती, त्यानं जास्तच जड झालं. "हे बघ, तू केलंस असं मला वाटत नाही. पण ॲपवाले पेटलेत. त्यांना नाव हवंय. ज्यानं बाहेर काढलं त्याला वकिलाची नोटीस जाणार, मग तो कुणी का असेना. उद्या संध्याकाळपर्यंत मला नाव दे, शेवटच्या भागावर तुझं नाव तसंच राहील. नाही दिलंस तर तुझ्याकडूनच फुटलं असं धरतील. तुझं नाव काढतील."

"तुम्ही अगदी आपल्या इन्स्पेक्टरसारखं बोलताय."

"त्याचे संवाद तूच लिहिलेस," वंदना म्हणाली. ती हसली, पण डोळे हसले नाहीत.

रिक्षा चिक्कडपल्लीत शिरेपर्यंत ऋचानं मनातल्या मनात अख्खं घर एकदा उलटंपालटं करून झाडून बघितलं होतं. विकास. लॅपटॉपचा पासवर्ड त्याला ठाऊक होता, आणि ऑफिसातली पोरं शेवट विचारून त्याचं डोकं खात होती. तन्वी, नणंदेची मुलगी. सिकंदराबादहून कॉलेज सुटल्यावर आजीकडे यायची, मालिकेची इतकी वेडी की इलासारखी वेणी घालायची. पण देवनागरीत लिहिलेली ऋचाची टिपणं तिला वाचता आली असती तर ना! 'मामी, इथे काय लिहिलंय' म्हणून पत्रिकासुद्धा वाचून घेणारी मुलगी ती. आणि सासूबाई. छे, सासूबाईंना लॅपटॉप पुसण्यापलीकडे काही करता येत नव्हतं.

दाराशी चपला काढताना आतून पद्मावतीबाईंचा आवाज आला, "ठेवते गं, नंतर बोलते. ती आली."

ऋचा आत गेली तेव्हा त्यांनी मोबाइल घाईघाईनं उशीखाली सारला होता.

ती आली. म्हणजे मी आले. आणि मी आल्यावर जे बोलता येत नाही, असं काय आहे?

संध्याकाळी विकास घरात पाऊल टाकतो न टाकतो तोच तिनं त्याला गाठलं. "माझा लॅपटॉप तू उघडला होतास का?"

"नाही. का?"

"शेवट तुझ्या ऑफिसात कुणाला सांगितलास?"

"मला शेवट माहीतच नाही! तू सांगतेस कुठे?" मग त्याच्या लक्षात आलं. "ऋचा, तू माझी उलटतपासणी घेतेयस? पासवर्ड माहितीये म्हणून? आपल्या लग्नाची तारीख आहे ती. मला आठवत नसती, तर त्यावरून भांडली असतीस."

हसू येण्यासारखंच होतं ते, पण तिला आलं नाही. त्याला ते दिसलं. तो उठून कपडे बदलायला आत गेला. जेवताना चौघंही एकमेकांच्या ताटांकडे बघत होती. चौथी म्हणजे सायली, तिला एकटीला त्यातही मजा वाटत होती.

दुसऱ्या दिवशी ऋचानं रजा टाकली. घरात राहून ती घरावर पाळत ठेवू लागली. सासूबाई भाजीला गेल्या, तशी ती गॅलरीत उभी राहिली. कोपऱ्यावरच्या भाजीवाल्यापाशी पद्मावतीबाई एका हातात अंबाडीची जुडी धरून दुसऱ्या हातानं मोबाइल डोळ्यांशी नेत होत्या. मग शेजारच्या बाईला काहीतरी दाखवलं. दोघी हसल्या. ऋचा मागे सरली आणि मागे सरताना तिला स्वतःचीच शरम वाटली. तरीही पडद्याआडून ती बघत राहिली.

दुपारी तन्वी आली. आल्या आल्या सायलीला उचलून तिचा मुका घेतला, आजीकडून चिवडा घेतला, पाय वर घेऊन बसली. सगळं रोजच्यासारखं. रोजच्यासारखी नव्हती ती एकच गोष्ट, आणि ती लक्षात यायला ऋचाला जरा वेळ लागला.

"तन्वी," ती हळूच म्हणाली, "आज विचारलं नाहीस?"

"क्या, मामी?"

"रोज दारातूनच विचारतेस. इलाचं पुढे काय होतं, एवढं तरी सांग म्हणून."

तन्वीचा चिवड्याचा हात वाटीतच राहिला. तिनं स्वयंपाकघराकडे बघितलं आणि तिचे डोळे भरून आले. "मामी, प्रॉमिस, मी फक्त एकीलाच बोलले. बेस्ट फ्रेंड आहे माझी. तिनं पोस्ट टाकलं ते मला माहीत पण नव्हतं. मी बोलले तिला डिलीट कर, पण तोपर्यंत..."

"तुला कुणी सांगितलं?"

"तू."

"मी? कधी?"

तन्वीनं मोबाइल पुढे केला. पडद्यावर वरून घेतलेलं चित्र होतं. एक पाळणा. पाळण्याशी वाकलेल्या बाईचा भांग, विस्कटलेला अंबाडा, खांद्यावर दुधाचा डाग. ऋचाला स्वतःला ओळखायला क्षणभर लागला. आपला भांग आपल्याला कधी दिसतो? आणि मग तिचाच आवाज आला, लाडात आलेला, "तर काय झालं सायलू, पोलीस सगळं घर शोधतात. आणि मशीन कुठे? पाळण्यात! बाळाच्या गादीखाली! आणि सांगितलं कुणी? त्या समीऱ्यानं..."

ऋचानं मान वर करून छताकडे बघितलं. ती परत कामावर रुजू झाली तेव्हा विकासनं पाळण्यावर हा पांढरा, लिंबाएवढा कॅमेरा बसवला होता. चित्र तिघांच्याही मोबाइलवर दिसायचं. दुपारनंतर ती घरूनच लिहायची, आणि सकाळी ऑफिसात ते आवाज बंद करूनच बघायची, त्यामुळे कॅमेरा म्हणजे तिच्या लेखी नुसता डोळा होता. त्याला ऐकूही येतं हे तिच्या ध्यानीमनी नव्हतं. अख्खा सीझन ती फितुरीवर लिहीत आली होती, आणि स्वतः रोज त्या डोळ्याखाली बसून एकेक सीन मोठ्यानं सांगत होती.

"कुणी पाठवलं हे तुला?"

"आज्जीच्या बहिणींच्या ग्रुपवर आहे मामी, मीपण आहे त्यात. आज्जीनं टाकलंय."

क्लिपखाली पद्मावतीबाईंचा आवाज होता, बहिणींना उद्देशून: "बघा गं. लेकरू किती लहान, पण ही त्याला कशी बसून समजावून सांगायली. अशी माय भेटाया नशीब लागतं."

वेळ काढायला ऋचा उगाच बेसिनशी जाऊन हात धुऊन आली. नाव मिळालं होतं. संध्याकाळ व्हायला अवकाश होता. आता फक्त एक फोन, आणि शेवटच्या भागावर तिचं नाव राहणार होतं.

ती स्वयंपाकघरात गेली. पद्मावतीबाई अंबाडी निवडत होत्या. ऋचानं तोंड उघडायच्या आतच त्या म्हणाल्या, "मी तुझ्या कॅमेऱ्याला हात नै लावला."

"माझ्या कॅमेऱ्याला?"

"मग कुणाच्या? माझ्यावर नजर ठेवायलाच लावला ना तो? मुन्नीला मी काय चारते, टीव्ही किती बघते. मला समजतं गं. काल आल्यापासून माझ्याकडं बघायलीस, तेबी समजतं."

"आई, तसं नाही हो..."

"बहिणी म्हणायच्या माझ्या, पुण्याची सून आणलीस, आता ती कॅमेऱ्यातून तुला राबवणार. लई परेशान झाले मी. मग मीबी शिकले. तन्वीला विचारलं, बघायचं कसं, ठेवून घ्यायचं कसं. म्हटलं, बघू तर खरं, ही बया दुपारी दार लावून काय करते." त्यांचे हात थांबले. "बघितलं तर तू लेकराशी बोलायलीस. एवढ्याशा लेकराला, मोठ्या माणसाशी बोलावं तसं. माझीच मला लाज वाटली. मग रोज बघायची सवयच लागली, भाजी घेताना बी बघते. आणि ते बहिणींना पाठवलं. म्हटलं बघा, डोळे भरून बघा, कशी आहे आमची सून." आणि मग एकदम धास्तावून, "का गं? काय गडबड झाली का? पाठवायचं नव्हतं का?"

ऋचाला त्या क्षणी पडद्यावरची पाटी लख्ख दिसली: संवाद, आणि खाली तिचं नाव. त्याच्याच शेजारी वकिलाचा लिफाफा दिसला, पद्मावतीबाईंच्या नावानं आलेला, आणि तो विकासकडून वाचून घेताना त्यांचा चेहरा. तन्वीचं नाव घेतलं असतं तरी लिफाफा याच दारातून फिरून आत आला असता.

तिला कुणी सांगितलंच नै.

"नाही आई," ती म्हणाली. "काही गडबड नाही. अंबाडी जून निघाली का?"

"हौ ना. तो मेला सगळ्यांना कवळी कवळी म्हणून विकतो."

बाहेरच्या खोलीत तन्वीला तिनं एवढंच बजावलं, "आज्जीला यातलं काही कळता कामा नये. कधीच." तन्वीनं गळ्याला चिमटा घेऊन शपथ घेतली.

सायली तोवर जागी होऊन ओरडत होती. ऋचानं दोरी हातात घेतली. कॅमेऱ्याचा हिरवा ठिपका वर जळत होता. तिनं त्याच्याकडे एकदा बघितलं आणि त्याला ऐकू येईल अशा आवाजात सुरुवात केली. "तर काय झालं सायलू, समीऱ्यानं काहीच केलं नाही. सगळ्यांना वाटलं समीर, पण समीर बिचारा साधा होता. इलाची एक मावशी होती, बाळ तिचंच. शेजारीण बाळ बघायला आली. मावशी म्हणाली, आमची इला म्हणजे काय सांगू! एका हातानं पाळणा हलवते आणि दुसऱ्या हातानं पत्रकं छापते. बघा बघा, गादी उचलून बघा, किती हुशार माझी पोर..."

रडं थांबलं होतं. सायली टकामका बघत होती.

संध्याकाळच्या आत सीन वंदनाकडे गेला. थोड्याच वेळात तिचा फोन आला.

"नाव?" वंदनानं विचारलं.

"माझंच. माझ्या तोंडून गेलं."

"कुणाला वाचवतेयस, ऋचा?"

"खरंच माझ्या तोंडून गेलं, ताई. मी मोठ्यानं बोलले."

"नवा सीन वाचला मी," वंदना म्हणाली. "हाच शूट करू. फुटलेला शेवट खोटा पडेल, ॲपवाल्यांना आयतंच मिळालं. पण तुझं नाव मला ठेवता येणार नाही."

"माहितीये."

"एक सांग. त्या मावशीला पुढे कळतं का, की तिच्यामुळे झालं?"

"नाही. तिला कुणी सांगत नाही."

"बरं," वंदना म्हणाली, आणि पुढे काही विचारलं नाही.

ऋचा स्टुलावर चढली, तिनं वायर ओढून कॅमेरा उतरवला. हिरवा ठिपका विझला. खाली बघते तर पद्मावतीबाई दारात उभ्या.

"कैकू काढायलीस?"

"तुम्ही असताना कशाला हवा?"

त्या पुढे आल्या, तिच्या हातातला कॅमेरा घेतला, त्यावरची धूळ पदरानं पुसली. चेहरा तिकडे वळवलेला, त्यामुळे काय चाललंय ते ऋचाला दिसलं नाही. मग म्हणाल्या, "आता भाजी घेताना मुन्नी कशी दिसायची मला?"

"तिलाच घेऊन जा की भाजीला."

"हौ, तेबी खरं." त्या पाळण्याशी टेकल्या. "तुझा शेवटचा भाग लागेल ना, त्या दिवशी सगळ्या बहिणींना जेवायला बोलावलंय मी. तुझं नाव बघायला. तन्वी म्हणते, लई बारीक येतं नाव. चष्म्याचा नंबर बदलून घेते मी."

ऋचानं दोरी हातात घेतली. "फार भरभर जातं हो आई ते. दिसायच्या आत निघून जातं."

"मग तू सांग मला, कुठं बघायचं ते," पद्मावतीबाई म्हणाल्या. "तू माझ्याजवळच बस."